डेक्लन साहेबाच्या सिनेमातली नवरी

आयुष्यात मूर्खपणा मी पुष्कळ केला, पण त्यातल्या एकाला तोड नाही. आषाढी ते कार्तिकी देव झोपलेले असतात आणि आमच्या गावात लग्नाचं नावसुद्धा कोणी काढत नाही. त्या दिवसांत मी अंगाला खरी हळद फासून, कपाळाला मुंडावळ्या बांधून, सख्ख्या आत्यासमोर पाटावर जाऊन बसले. कशासाठी, तर एका आयरिश माणसाच्या सिनेमात माझा चेहरा पिवळाधमक, तजेलदार दिसावा म्हणून. कोणी जबरदस्ती केली नव्हती. हळद मीच वाटली, मीच लावली, आरशात चार वेळा बघून आणखी थोडी लावली. आणि सिनेमा होता काळा-पांढरा! कॅमेऱ्यात रंग येतात की नाही हे विचारायचं त्या मॅट्रिक पास शहाणीला सुचलं नाही. आज ती मुलगी मला रस्त्यात भेटली तर मी तिची वेणी धरून तिला घरी आणीन आणि कोंडून ठेवीन.

तेव्हा आमचं गाव गाव होतं. आता जिथे सीवूड्सचा मॉल उभा आहे, त्या बाजूला खारी शेतं आणि मिठागरं होती आणि त्यांच्यापलीकडे खाडी. घर कौलारू, पुढे शेणाने सारवलेली पडवी, मागे भात सडायचं उखळ. पहाटेपासून त्या उखळात मुसळ पडायचं आणि त्याच्या तालावर माझी आई कोणाला तरी शिव्या घालत असायची. कधी कोंबडीला, कधी बाबांना, बहुतेक वेळा मला. ओहोटी लागली की बांधाच्या उघाडीतून, म्हणजे पाणी सोडायच्या दारातून, पाणी खळाळत बाहेर पडायचं, तो आवाज घरात बसून ऐकू यायचा. आमचं घड्याळ तेच. चुलीवर तांदळाच्या भाकऱ्या, तव्यावर परतलेला जवळा, आणि बाबांच्या हाताला लागली तर चिंबोरी. चिंबोरी म्हणजे खाडीतला खेकडा, पण खेकडा म्हटलं की त्याची चवच जाते. आई ती वाटपात शिजवायची आणि आम्ही भावंडं नांग्यांवरून अशी भांडायचो की शेजारचे म्हणायचे, यांच्याकडे कोणी मेलं की काय.

आमची कमळाआत्या, बाबांची थोरली बहीण, याच घराच्या एका अंगाच्या खोलीत राहायची. नवऱ्याने दुसरी केली तेव्हा ती उठून माहेरी आली. मूलबाळ नव्हतं. पण गावात तिचा मान पाटलापेक्षा मोठा होता, कारण ती धवलारीन होती. आम्हा आगऱ्यांची लग्नं धवलारीन लावते. ती धवला म्हणजे लग्नाचं गाणं धरते आणि मागे बसलेल्या बायका तिची ओळ झेलतात. हळद, पाट, देवक, सगळं त्या गाण्यातून होतं. भटजी येतो, मंगलाष्टका म्हणतो आणि जातो, त्याला कोणी विचारत नाही. पण धवलारीन यायला उशीर झाला तर नवरा-नवरी ताटकळत बसतात. आत्या वर्णाने काळी, आवाजाने जाड आणि स्वभावाने तिखट. माझे लाड तिनेच केले आणि मला सर्वात जास्त झोडपलंही तिनेच.

अशा घरात माझ्यासारखी नाटकी पोरगी जन्माला आली. शाळेसाठी वेशीपलीकडे जाणारी गावातली मी पहिली मुलगी, त्यामुळे डोक्यात हवा भरपूर. बेलापूरच्या शाळेत गॅदरिंगला एकदा राणी झाले होते, त्या जोरावर मी स्वतःला नटीच समजायची. मिठाच्या ढिगावर उभी राहून भाषणं करायची. ऐकायला बगळे.

डेक्लन आला तो भातं पोटरीला आली होती तेव्हा. त्याचं आडनाव लिहीत नाही. त्याची मुलंबाळं आहेत, आणि त्यांनी माझं काही वाकडं केलेलं नाही. मुंबईच्या एका कॉलेजने त्याला नाटकाबद्दल बोलायला बोलावलं होतं. तिथे कोणीतरी त्याला सांगितलं की खाडीपलीकडे नवं शहर वसणार आहे आणि गावांच्या जमिनी मोजणं चालू आहे. तो होडीने आला, बांधावर उभा राहिला आणि परत गेलाच नाही. जीप आली, कॅमेरा आला, दोन गोरी माणसं आणि मुंबईचा एक मदतनीस आला, पण त्या मदतनिसाला आमची बोली कळेना. मग शाळेच्या मास्तरांनी मला पुढे केलं. मी दुभाषी! माझं इंग्रजी म्हणजे पाठ्यपुस्तकातला कोल्हा आणि त्याची द्राक्षं. पण डेक्लन शांतपणे ऐकायचा आणि माझं वाक्य संपेपर्यंत थांबायचा. इतकं थांबून माझं बोलणं त्याआधी कोणी ऐकलं नव्हतं. मी त्यातच मेले.

तो आपली हकिगत सांगायचा. पावसाळी गावात त्याच्या आईचं पाव आणि चहापत्तीचं दुकान होतं. आजोबांची जमीन गेली, वडील कामाला परदेशी गेले ते तिकडेच राहिले. याने पहिलं नाटक लिहिलं ते आपल्या आईवरच, चर्चच्या हॉलमध्ये केलं आणि पुढच्या रविवारी पाद्र्याने भर प्रार्थनेत त्याचं नाव घेऊन त्याला घाण म्हटलं. आई पहिल्या बाकावर बसली होती. डेक्लन त्याच आठवड्यात घर सोडून डब्लिनला गेला. तिथे नाटकगृहात पडदे ओढले, खिळे ठोकले, रात्री लिहिलं. दुसरं नाटक गाजलं, तिसरं लंडनला गेलं. मग त्याला शब्दांचा कंटाळा आला. "माणसाचा चेहरा खोटं बोलत नाही," असं तो मला बांधावर बसून म्हणाला, आणि म्हणून तो सिनेमाकडे वळला. मी मान डोलावली. केवढं खोल बोलतो हा माणूस, मला वाटलं. आता वाटतं, मेल्या, तुझ्या आईला विचारलं होतंस का, नाटकात घालू का म्हणून?

त्याच्या सिनेमात जमीन मोजणारी माणसं होती, मिठागर होतं, ओहोटी होती. पण त्याला लग्न हवं होतं. शहर येण्याआधीचं शेवटचं लग्न, असं काहीतरी त्याच्या मनात होतं. मी म्हटलं, देव झोपलेत, आता लग्न नाही. तो म्हणाला, "आपण फक्त खेळायचं आहे, नाटकात खेळतात तसं." खेळायचं! नवरी कोण, हे मी विचारलंच नाही. ते मी मनात केव्हाच ठरवलं होतं. नवरा म्हणून त्याने बाळारामला निवडलं. तो रबाळ्याच्या कंपनीत नुकताच लागलेला, उंच, देखणा आणि स्वतःच्या केसांवर फार प्रेम असलेला.

राहिली आत्या. ती अशा दिवसांत पाटासमोर तोंड उघडणार नाही हे मला माहीत होतं. पण एक पळवाट होती. पावसाळ्याच्या रिकाम्या दिवसांत ती गावच्या पोरीसुनांना धवले शिकवायची, तेव्हा समोर रिकामा पाट मांडायची. रिकाम्या पाटाला गाणं ही तालीम, ते देवाला चालतं. मी तिला जाऊन सांगितलं, सायबाला तालीम बघायची आहे.

"पाटावं कोन बसनार?" आत्याने सुपातून मान वर न करता विचारलं.

"कोणी नाही. रिकामा पाट."

"मंजे, माज्या डोल्यात बघून बोल."

मी तिच्या डोळ्यांत बघून बोलले. तेवढं नाटक मला येत होतं.

आता यातलं एक सांगायला हवं, नाहीतर वाचणाऱ्याला आत्याचं पुढचं वागणं कळणार नाही. धवला एकदा धरला की मध्ये सोडत नाहीत. तालमीतसुद्धा नाही. अर्धा सोडला तर समोर जो कोणी असेल त्याचा संसार अर्धा राहतो अशी समजूत. आत्याच्या लग्नात म्हणे धवलारीनला ठसका लागून गाणं तुटलं होतं. त्यामुळे ही गोष्ट आत्या किती मानत असेल ते समजून घ्या. मला हे सगळं माहीत होतं, आणि मी त्याच्याच भरवशावर होते. गाणं सुरू झालं की ती मला उठवू शकणार नाही. काय डोकं! ते डोकं गणितात चाललं असतं तर मी आज कुठे असते.

पडवीत चौक काढला होता. आत्या बसली, मागे आठ-दहा बायका बसल्या, त्यात बाळारामची आई जनाबाईपण होती. कॅमेरा लावला. आत्याने त्या यंत्राकडे एकदा बघितलं, पदर सारखा केला आणि आवाज लावला. देवांची नावं झाली, गावदेवीचं झालं, आणि मग डेक्लनने हाताने खूण केली. आतल्या दारातून मी निघाले, हळदीने माखलेली, मुंडावळ्या हलत, आणि बाहेरून बाळाराम आला, टोपी घालून. दोघं पाटांवर बसलो. मी मान खाली घातली, पण इतकीच की कॅमेऱ्याला नाक दिसावं.

आत्याने मला बघितलं. तिचा आवाज थांबला नाही. थांबवता येत नव्हता. पण तिचे डोळे असे मोठे झाले, नाकपुड्या थरथरल्या, कपाळावरची शीर उभी राहिली आणि दोन्ही डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. ती हात उचलून पुसायलाही तयार नव्हती. आणि ती गात राहिली, तीच चाल, तोच ताल, माझ्यावरची नजर न काढता. मागच्या बायकांचा सूर मध्येच अडखळला, कोणीतरी खोकलं, कोणीतरी तोंडात पदर कोंबला. मला वाटलं, माझं रूप बघून गहिवरल्या. मी नाक आणखी थोडं डावीकडे वळवलं. पण कॅमेरा माझ्याकडे नव्हताच. तो आत्याच्या चेहऱ्याजवळ सरकत सरकत गेला होता आणि शेवटपर्यंत तिथेच राहिला. गाणं संपलं तेव्हा डेक्लन रडत होता. त्याने वाकून आत्याचा हात घेतला आणि त्यावर ओठ टेकले. आत्याने हात लुगड्याला पुसला, उठली आणि खोलीत जाऊन कडी लावली.

दुसऱ्या दिवशी सकाळी जनाबाई हिरवा चुडा घेऊन आमच्या दारात. "धवला झाला, हलद लागली, आता पोर आमची. कवा धाडताव?"

आईच्या हातातलं मुसळ तसंच वर राहिलं. बाबा म्हणाले, ते सिनेमाचं होतं. जनाबाई म्हणाली, हळद सिनेमाची होती का? धवलारीन सिनेमाची होती का? शिकलेली सून तिला आयती मिळत होती, ती कशाला सोडते. बाळाराम मागे उभा, केस विंचरत. त्याला विचारलंच नव्हतं कोणी, आणि त्याला तशी हरकतही दिसत नव्हती. मी मात्र पनवेलला मास्तरकीचं शिकायला जाणार होते. बाबांनी हो म्हटलं होतं, ट्रंक आणली होती. आता ती ट्रंक जनाबाईच्या घरी जाणार, आणि मी तिच्या चुलीपुढे बसून बाळारामच्या भांगाची रेष सरळ आहे की नाही ते बघणार. अंगावरची हळद अजून निघाली नव्हती. मी शिकेकाईने घासून घासून हात लाल केले, तरी पिवळं ते पिवळंच.

संध्याकाळी देवळाच्या ओट्यावर पंच बसले. मी पाटलांना हात जोडून म्हटलं, सायबाला विचारा, तो सांगेल हे नाटक होतं. माझा सगळा जीव त्या एका माणसाच्या तोंडाकडे लागला होता. डेक्लन आला, खाली मांडी घालून बसला, अगदी अदबीने. पाटील म्हणाले, "इचार त्याला, लगीन खरं का खोटं?" मी विचारलं. माझ्याच खटल्यात मीच दुभाषी.

त्याने ओट्यावरच्या सगळ्यांकडे एकदा बघून घेतलं. मग म्हणाला, "यांना सांग, यांच्या रीतीला मी खोटं म्हणणार नाही. तो अपमान होईल. काल मी जे बघितलं ते माझ्या आयुष्यातलं सगळ्यात खरं होतं."  मी हळूच म्हटलं, अरे, हे मला बाळारामच्या घरी पाठवतील. त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि डोळ्यांत करुणा आणून म्हणाला, "मला समजतं." मग खालच्या आवाजात, "त्यांची हरकत नसेल तर कॅमेरा आणू का? उजेड फार चांगला आहे."

माझ्या नातीला, सानिकाला, मी हे सांगते तेव्हा ती दरवेळी ओरडते, "अगं आजी, तुला इंग्लिश एकटीलाच येत होतं ना? सांगायचं ना बिनधास्त, साहेब बोलतोय सगळं खोटं होतं!" बाळा, मला ते सुचलंच नाही. आत्याला डोळ्यांत डोळे घालून फसवताना सुचलं होतं. पण साहेबाचं वाक्य? ते मी शब्दन्‌शब्द, व्याकरणासकट, मराठीत करून सांगितलं. दुभाषीपणाची कोण मिजास! कॅमेऱ्याचंसुद्धा सांगितलं. त्या आठवणीने आजही मला उठून कोणाला तरी फटका मारावासा वाटतो, आणि हाताशी मीच असते.

पाटील म्हणाले, झालं, सायबच बोलतोय खरं. जनाबाईने चुड्याची पुडी सोडायला घेतली. तेव्हा कमळाआत्या बायकांमधून उठली.

"पाटीलदादा, कालच्या धवल्यात नवरीचं नाव काय घेतलं मी?"

पाटील गोंधळले. धवल्यात नवरा-नवरीची नावं गुंफतात आणि ज्यांची नावं गुंफली त्यांचंच लग्न लागतं. हे लहान पोरालाही ठाऊक. पण पुरुष धवला ऐकतात कधी? ते मांडवाबाहेर विड्या ओढत असतात. पंचांनी एकमेकांकडे बघितलं.

"कोनी नाय ऐकलं? बरं. जने, तू मागं बोलत व्हतीस ना? ये पुढं. देवाच्या ओट्यावं हात ठेव आन् सांग, काय बोललीस."

जनाबाईचा हात पुडीतच अडकला. बायकांमध्ये कोणीतरी फुसकन हसलं. "सांग ना गो जनाबाय," मागून एक म्हातारी म्हणाली, "मना बी आयकू दे परत."

"चिंबोरी," जनाबाई पुटपुटली.

"मोट्यानं."

"चिंबोरी! चिंबोरी नवरी!"

आणि मग आत्याने तिथे उभ्या उभ्या, कालच्याच चालीत, ती ओळ गाऊन दाखवली.

पाटावं बसली गो चिंबोरी नवरी,
नांग्यांना तिच्या गो हलद लावा.

सगळ्या बायकांनी ओळ झेलली. हसून हसून एकमेकींवर पडत होत्या. बाळारामसुद्धा हसला, आणि मग लक्षात आलं तसा थांबला, कारण नवरा तोच होता. मी तिथेच होते काल, पाटावर, हाताच्या अंतरावर. मला अख्खं गाणं माझ्यावरून चाललंय असं वाटत होतं, आणि त्यातला एक शब्द मी ऐकला नव्हता. मी नाक सांभाळत होते.

पण पंच हसले नाहीत. पुरुषांना कळतं की बायका आपल्याला न कळता हसल्या, तेव्हा ते लगेच धर्म काढतात. पाटील उठून उभे राहिले आणि आत्याला सुनावू लागले. देव झोपलेले असताना चौकावर गायलीस, आणि नवरीच्या जागी खेकड्याचं नाव घेतलंस. देवाची थट्टा केलीस. मुलगी सुटली, ठीक. पण या गावात तुला धवल्याला कोणी बोलावणार नाही. बाबा मध्ये बोलायला गेले, त्यांना बसवलं. मी ओरडले, मी फसवलं तिला, चूक माझी आहे. त्यावर एक पंच म्हणाला, "पोरीची जात, तुना काय अक्कल." म्हणजे अक्कल नसल्यामुळे मी सुटले आणि अक्कल होती म्हणून आत्या अडकली.

डेक्लन मला विचारत होता, काय झालं, त्या का हसल्या, ती काय गायली. मी त्याला सांगितलं नाही. तेव्हाही नाही, नंतरही नाही. माझ्या दुभाषीपणातलं तेवढं एकच काम मला आजही पसंत आहे.

तुळशीचं लग्न झालं आणि गावात मांडव पडायला लागले. पहिल्या लग्नाला शेजारच्या गावातून धवलारीन आणली, ती चार ओळी गाऊन सुपारी घेऊन गेली. मग कोणीतरी बँड आणला, मग कर्णे आले. आत्या पडवीत बसून तांदूळ निवडायची आणि कर्ण्यावर सिनेमाची गाणी लागायची.  ती सुपातला खडा उचलून अंगणात फेकायची, तो समोरच्या पत्र्यावर टण्‌कन वाजायचा. मी पनवेलला शिकले, मास्तरीण झाले, महापालिकेच्या शाळेत जन्म गेला. आता मोठ्या संस्थांची माणसं सोसायटीत येतात, गेटवर वही भरतात आणि विचारतात, आजी, पारंपरिक धवले येतात का? रेकॉर्ड करायचे आहेत, लोप पावताहेत. लोप पावताहेत म्हणे! पावत नाहीत हो, पाववले.

डेक्लनचं मात्र बरं चाललं. त्या सिनेमाला बक्षीस मिळालं, आत्याच्या चेहऱ्यावरच मिळालं. पुढे मोठ्या नट्यांना घेऊन त्याने सिनेमे काढले, एक दणकून आपटला, दारू वाढली, मग पुन्हा नाटकाकडे गेला, म्हातारपणी शिकवत होता. आत्मचरित्र लिहिलं. त्यात आमच्या गावाला अर्धं पान आहे आणि मला एक ओळ. "एक लाजाळू कोळी मुलगी." आम्ही आगरी, कोळी नव्हे, हे एक, आणि मी लाजाळू? माझ्या नवऱ्याला वाचून दाखवलं असतं तर तो हसून खुर्चीतून पडला असता. अलीकडे डेक्लन गेला तेव्हा सानिकाने फोनवर बातमी दाखवली. स्त्रीच्या दुःखाचा जाणकार, असं लिहिलं होतं. मग त्याच्या स्मरणार्थ मॉलमध्ये तो जुना सिनेमा दाखवला, म्हणजे आमच्याच जमिनीवर, तिकीट काढून, गार हवेत. मी गेले. पडद्यावर आत्या आली, घराएवढी. खाली इंग्रजी अक्षरं उमटली: आमची लेक दूर पाण्यापलीकडे चालली, आता अंगण रिकामं. हे त्याने घरी बसून रचलं होतं. नाटककार ना! माझ्या शेजारची बाई रुमाल काढून रडत होती, आणि वर आत्या खणखणीत गात होती, नांग्यांना तिच्या गो हलद लावा. मी खदखदून हसले. पुढच्या रांगेतल्या गृहस्थाने वळून म्हटलं, "आजी, जरा मान ठेवा." मान! मी त्याला काय म्हणाले ते इथे छापता येणार नाही. सानिका मला बाहेर घेऊन आली.

आत्या असताना त्या सिनेमाचं एक पोस्टर तेवढं आलं होतं. मी पनवेलहून सुट्टीला आले होते, लग्नसराई चालू होती, कुठेतरी कर्णा ओरडत होता. नळकांड्यात गुंडाळून आलेला तो कागद मी आत्याच्या खोलीत जमिनीवर पसरला. तिचा चेहरा, डोळ्यांत पाणी, आणि खाली इंग्रजीत ओळ. तिने विचारलं, काय लिवलंय. मी वाचून सांगितलं, "एका आईचं मुकं दुःख." आणि मग मला रडू फुटलं. मी तिचे पाय धरले आणि म्हटलं, आत्या, माझ्यामुळे तुझा धवला गेला, केवढं दुःख दिलं मी तुला, मला माफ कर. तिने पाय सोडवून घेतले. चुलीवरून भांडं उतरवलं, ताटली पुढे सरकवली, आणि म्हणाली:

"दुख? कोनाला झालं दुख? मना राग आला व्हता गो. तुजा बी, त्या गोऱ्याचा बी, आन् त्या ओट्यावरल्या मेल्यांचा बी. तो आजून हाय आन् मी मरेस्तवर ऱ्हाईल, माफी-बिफी मिलनार नाय कोनाला. गोऱ्यानं दुख लिवलं तं लिवू दे, तो परका. तू माज्या घरातली हायस, तुना तरी राग वाचता आला पायजे. आता रडं बंद कर, कालवन निवतंय, जेव."